मागच्या सीटवर बसा, मालक

माझ्या वहिनीने एका माणसाची कित्येक वर्षं वाट पाहिली. प्रेमबिम काही नाही. त्याचा विषय निघाला तरी तिच्या हातातली पक्कड कचकन मिटायची. तो एक ना एक दिवस बिघडलेली गाडी घेऊन आपल्या दारात येईल, ही एकच इच्छा तिने जपली होती, आणि ती विझू नये म्हणून मीही अधूनमधून फुंकर घालत होतो. मला विचाराल तर असल्या इच्छा जपाव्यात. सगळ्यांना माफ करत सुटणारी माणसं मला आजारी वाटतात.

वहिनी गाड्यांची इलेक्ट्रिशियन आहे. इंजिन, ब्रेक, क्लच यांच्याशी तिला देणंघेणं नाही. हॉर्न वाजत नाही, काच खाली येत नाही, वायपर मान टाकून बसलाय, अशी रडगाणी घेऊन लोक तिच्याकडे येतात, आणि बहुतेक वेळा मूळ दुखणं फ्यूजपाशी सापडतं. तिचे वडील हेच काम करायचे. त्यांच्या पोटाचा घेर वाढला आणि स्टिअरिंगखाली डोकं घालणं जमेना, तेव्हा त्यांनी मुलीला आत पाठवलं. ती जी आत गेली ती बाहेर आलीच नाही, असं ते कौतुकाने सांगायचे.

माझं गाड्या धुण्याचं आवार आहे. त्याच आवाराच्या एका कोपऱ्यात पत्र्याच्या शेडखाली ती बसते. माझा थोरला भाऊ, म्हणजे तिचा नवरा, लांब पल्ल्याचा ट्रक चालवतो. घरी असला की झोपलेला असतो, म्हणून या गोष्टीत तो येत नाही. आमची आई मात्र येते. ती कुठेही येतेच.

फ्यूज शोधणं हे काम कुणालाही जमतं असं लोकांना वाटतं. डबा उघडायचा, रंगीबेरंगी फ्यूज एकेक करून उपटायचे, उजेडात धरायचे, परत खोचायचे, आणि खोचताना चुकीच्या घरात खोचायचे. वहिनी एकही उपटत नाही. ती आधी विचारते, "बंद पडलं तेव्हा गाडीत काय काय चालू होतं?" मग तिची टोकदार सळईची छोटी बत्ती काढते. बत्तीचा चिमटा गाडीच्या उघड्या लोखंडाला लावते आणि सळईचं टोक फ्यूजच्या डोक्यावरच्या दोन बारीक ठिपक्यांना टेकवते. दोन्हीकडे दिवा लागला तर फ्यूज शाबूत. एकीकडे लागला, दुसरीकडे नाही, तर गेला. डब्यावरून तिचा हात असा फिरतो की जणू वर्गात हजेरी चालली आहे.

आणि गेलेला फ्यूज सापडला की तिचं काम संपत नाही, सुरू होतं. "फ्यूज उडाला म्हणजे त्याने आपलं काम केलं," ती म्हणते. "तो बिचारा मेला म्हणून वायर वाचली. आता मारणारा शोधायचा." पंधरा अँपिअरचा गेला तर पंधराचाच घालायचा, निळ्याच्या जागी निळा. पुन्हा उडतोय म्हणून तिथे तिसाचा हिरवा ठोकणाऱ्याला ती माणसात धरत नाही. मोठा फ्यूज उडत नाही हे खरं. पण मग वायर तापते, वितळते आणि गाडी पेटते.

तिचा एक विचित्र नियम आहे. गाडीचा मालक गाडीत बसलेला असल्याशिवाय ती गाडीला हात लावत नाही. मालकाने मागच्या सीटवर बसायचं, दारं सताड उघडी, आणि ती काय करते ते शेवटपर्यंत बघायचं. जळका फ्यूज तिने त्याच्या तळहातावर ठेवायचा. नवीन गिऱ्हाइकं कुरकुरतात, "बाई, आम्ही चहा पिऊन येतो की." ती म्हणते, "मग चहा पिऊन झाल्यावर गाडी आणा." हा नियम तिला साखऱ्याने लावला.

साखऱ्या म्हणजे मोठ्या रस्त्यावरच्या मोठ्या गॅरेजचा मालक. नाव आम्हीच ठेवलेलं. बोलणं असं की कानात पाक ओततोय असं वाटावं, आणि ऐकणारा घरी गेल्यावर मुंग्या लागाव्यात. वहिनी त्याच्याकडे कामाला होती, मी तिथेच गाड्या धूत होतो. एका कंत्राटदाराच्या नव्याकोऱ्या गाडीला जादा दिवे बसवायचं काम आलं. ते साखऱ्याच्या मेहुण्याने घेतलं. या मेहुण्याला स्क्रू कुठल्या बाजूला फिरवला की सुटतो हेही दोनदा करून बघावं लागायचं. दिव्यांचा फ्यूज सारखा उडायला लागला, तेव्हा त्याने पंधराचा काढून तिसाचा घातला आणि हात झटकले. पुढे भर रस्त्यात त्या गाडीच्या डॅशबोर्डमधून धूर निघाला. कंत्राटदार गॅरेजात आला तो शिव्या देतच.

मी माझ्या डोळ्यांनी पाहिलं: मेहुण्याने आधी धावत जाऊन तो हिरवा फ्यूज काढला आणि खिशात टाकला. मी ओरडून सांगितलं. पण मी पडलो वहिनीचा दीर. घरचा साक्षीदार कोण धरतो?

साखऱ्या सगळ्यांसमोर वहिनीकडे वळला. "बाई, राग मानू नका हं. इथे वायरींना हात तुमचाच असतो. जरा पिशवी दाखवता? लोकांच्या मनात शंका नको राहायला." वहिनीकडे लपवायला काही नव्हतं, म्हणून तिने स्वतःच्या हाताने पिशवी फरशीवर उपडी केली. पकडी, टेप, बत्ती, आणि त्यांच्यामागून खळखळत मूठभर जळके फ्यूज. वडिलांनी लावलेली सवय: उडालेला फ्यूज घरी न्यायचा आणि निवांत बघायचा. आतली तार नुसतीच तुटली असेल तर भार जास्त झालेला. आत काळं फासलेलं असेल तर कुठेतरी उघडी वायर लोखंडाला चिकटलेली. तिचा अभ्यास होता तो. साखऱ्याने त्यातला एक दोन बोटांत धरून वर केला.

"आता कळलं," तो हळहळत म्हणाला, जसं काही घरातलंच कोणी गेलं. "चांगला काढायचा, जळका घालायचा, की गिऱ्हाईक परत आपल्याच दारात. बाई, बाई! हात एवढा चांगला, आणि दानत अशी?"

चोराच्या उलट्या बोंबा म्हणतात त्या याच. फक्त याची बोंबही गोड होती. तिथे शाळेच्या बसचा ड्रायव्हर उभा होता, ज्याला सगळे दवंडी म्हणतात. त्याच्या कानात पडलेली गोष्ट दिवस मावळायच्या आत गावभर होते. झालीही. वहिनीने गुडघ्यावर बसून एकेक वस्तू पिशवीत भरली. मी साबणाच्या घाण पाण्याची बादली साखऱ्याच्या केबिनच्या दारावर फेकली आणि दोघं बाहेर पडलो. नंतर तिला कोणी उभं केलं नाही. "गाडीत बिघाड घालणारी बाई" एवढीच तिची ओळख उरली.

घरी आल्यावर आईने तिचं सांत्वन केलं असेल असं वाटत असेल, तर तुम्ही आमची आई पाहिलेली नाही. दोघींचं विळ्याभोपळ्याचं सख्य. "उघडलीस कशाला पिशवी?" आई कडाडली. "त्याच्या थोबाडावर मारायची! आमच्या घराण्यात असली मवाळ माणसं नव्हती." वहिनी म्हणाली, "सासूबाई, तुमच्या घराण्यात कामाला जाणारीही नव्हती कोणी." त्या रात्री दोघी जेवल्या नाहीत, आणि मी दोघींच्या वाटचं जेवलो, कारण रागाने मला भूक लागते.

पुढे मी हे आवार घेतलं आणि वहिनीला कोपरा दिला. सुरुवातीला फक्त परगावच्या गाड्या यायच्या, ज्यांना काही माहीत नव्हतं. हळूहळू टॅक्सीवाले यायला लागले, कारण टॅक्सीवाल्याला दानतीपेक्षा हॉर्न महत्त्वाचा. पण आले तरी त्यांचे डोळे तिच्या बोटांवर. मागच्या सीटवर बसायचा नियम तिने केला तो त्या डोळ्यांसाठी. "बघायचंय ना? मग नीट बसून बघा." नाव मात्र धुऊन निघालं नाही. ती मला म्हणायची, "भाऊजी, तो येईल. त्याच्या गॅरेजात फ्यूज शोधणारं कोणी नाही, उपटणारे आहेत नुसते. त्याची स्वतःची गाडी त्यांना आवरणार नाही तेव्हा तो इथे येईल, या सीटवर बसेल, आणि लोकांसमोर माझी पिशवी स्वच्छ होती म्हणेल. तोवर मी मरत नाही."

पण साखऱ्याची गाडी काही बिघडेना. देव असल्या माणसांच्या गाड्या ठणठणीत ठेवतो. शेवटी आईनेच मनावर घेतलं.

आईच्या डोळ्याचं ऑपरेशन झालं होतं आणि ती तपासणीला दवाखान्यात गेली होती. मी घ्यायला जाणार होतो, पण पाण्याची मोटर बंद पडली आणि मला उशीर झाला. दवाखान्याच्या फाटकाशी साखऱ्याची गाडी थांबली. "आई, उन्हात उभ्या का? बसा, सोडतो घरी." ही कोणाची सासू हे त्याला पक्कं ठाऊक होतं. असल्या माणसांना ज्याला लाथ मारली त्याच्या घरच्यांना पाणी विचारायची हौस असते. आई पुढच्या सीटवर बसली. गाडीत मंद आवाजात गाणं चालू होतं. चौकापर्यंत गोड गोड झालं, आणि मग तो म्हणाला, "सूनबाई काय म्हणते? अजून करते का ते... आपलं... काम? मला वाईट वाटतं हो. पण खोड असते एकेकाला. तुम्ही लक्ष ठेवत जा."

आता आई घरात वहिनीला उठताबसता बोलते, हे खरं. पण ते तिचं खासगी क्षेत्र आहे. तिथे बाहेरच्याने पाऊल टाकलं की संपलंच. गिअरच्या पुढे सिगारेट पेटवायचं ते गोल भोक असतं ना, ज्यात आता लोक मोबाइलचे चार्जर खोचतात, त्याला या गाडीत रबराचं टोपण होतं. साखऱ्या सिगारेट ओढत नव्हता आणि चार्जिंगची सोय त्याने दुसरीकडे करून घेतली होती. एका टॅक्सीत असल्याच भोकात नाणं पडलं होतं आणि फ्यूजवर फ्यूज उडत होते, हे रामायण वहिनीने जेवताना सांगितलेलं आईने ऐकलं होतं. ऐकत नाही असं दाखवून ती सगळं ऐकते. सिग्नलला साखऱ्या काच खाली करून कोणाला तरी गोड हाक मारत होता. आईने अंबाड्यातला एक लोखंडी आकडा उपसला, टोपण उचललं, आकडा आत सोडला, टोपण बसवलं. पुढच्या खड्ड्यात गाडी आदळली आणि गाणं तुटलं.

"अरेच्चा, काय झालं याला?" साखऱ्या म्हणाला.

"असेल काहीतरी खोड," आई म्हणाली.

घरी येऊन तिने हे फक्त मला सांगितलं, तेही तोंडाला पदर लावून हसत. "तिला बोलायचं नाही हं. ती नाकाने कांदे सोलेल." मला आईचा इतका अभिमान आजवर वाटला नव्हता. मी तिच्या हातावर टाळी दिली.

मग मजा सुरू झाली. त्या भोकाच्याच फ्यूजवर रेडिओ, घड्याळ, बाजूचे आरसे आणि मागचं दाखवणारा पडदा असं सगळं होतं. साखऱ्याच्या माणसांनी फ्यूज बदलला. गाडी गॅरेजच्या उतारावर आदळली आणि तो उडाला. पुन्हा बदलला, पुन्हा उडाला. कधी दिवसभर टिकायचा, कधी फाटकापर्यंतही नाही. त्यांनी रेडिओ काढला, आरसे उघडले, अर्धा डॅशबोर्ड सोलून ठेवला. भोकाचं टोपण उचलायचं कोणालाच सुचलं नाही, कारण त्यात कधी काही घातलंच नव्हतं. पडदा नसल्याने साखऱ्याने गाडी मागे घेताना स्वतःच्याच गॅरेजचा खांब खरवडला. दवंडीने ही बातमी रोज ताजी ताजी आमच्या आवारात आणली आणि मी त्याची बस फुकट धुतली. "स्वतःची गाडी दुरुस्त होईना, आणि पाटी केवढी मोठी!" असं लोक उघड बोलायला लागले. माणसाचं हसं झालं की त्याचा धंदा आतून पोखरतो. साखऱ्याला ते बरोबर कळत होतं.

आणि एका सकाळी, आवारात टॅक्सीवाल्यांची रांग लागलेली असताना, तो आला.

वहिनी टॅक्सीच्या बॉनेटमधून वर आली. तिने हात पुसले. एवढी वर्षं जे बोलायचं तिने घोकलं होतं त्यातलं काही बोलली नाही. फक्त म्हणाली, "मागच्या सीटवर बसा, मालक."

"अहो बाई, बसतो की. तुमचंच तर आवार," तो हसत म्हणाला.

"बिघाड सापडला, रेडिओ लागला, तर इथे सगळ्यांसमोर सांगायचं. त्या दिवशी माझ्या पिशवीत काही वावगं नव्हतं, आणि कंत्राटदाराची गाडी कोणी जाळली ते. कबूल असेल तर हात लावते."

साखऱ्याने आजूबाजूला पाहिलं. टॅक्सीवाले टवकारून बघत होते, दवंडी तर बसमधून उतरून धावतच आला होता. परत जावं तर आणखी हसं. "आधी सापडू तर द्या," तो म्हणाला. "सापडलं तर काय हवं ते म्हणेन." आणि मागे जाऊन बसला. आई शेडखाली स्टुलावर काळा चष्मा लावून बसली होती. तिचा चेहरा काय सांगत होता ते चष्म्यामुळे कळत नव्हतं, पण पाय हलत होता.

वहिनीने मला पलीकडच्या खिडकीतून टॉर्च धरायला लावला आणि स्टिअरिंगखाली डोकं घातलं. बत्तीने फ्यूज लगेच सापडला. तिने तो साखऱ्याच्या तळहातावर ठेवला. आत काळाकुट्ट झाला होता. "पहिल्यांदा कधी गेला?"

"तुमच्या सासूबाईंना सोडायला गेलो होतो ना, तेव्हा. वाटेतच गाणं बंद पडलं."

वहिनीचा हात क्षणभर थांबला. तिने शेडकडे पाहिलं नाही. तिने उडालेल्या फ्यूजच्या घरात दोन वायरींचा एक जुना हेडलाइटचा बल्ब जोडला. ही तिची युक्ती. फ्यूज उडून मोकळा होतो, बल्ब उडत नाही. जिथे वायर चिकटली तिथे तो भगभगून पेटतो आणि चोर दाखवतो. रेडिओ-आरशांच्या भाराने तो मिणमिणत होता; तिने रेडिओ सोडवला, आरसे सोडवले, तसा बल्ब विझून गेला. मग ती मुठीने ठिकठिकाणी ठोकत निघाली. दारापाशी, डॅशबोर्डवर, खाली. बल्ब गप्प. गिअरच्या पुढे मूठ पडली आणि बल्ब भक्कन पेटला.

मागे साखऱ्या टॅक्सीवाल्यांना पाक पाजत होता. सगळ्यांना आपलंसं करायची संधी तो कशी सोडेल? एकाने विचारलं, "मालक, एवढा त्रास होता तर मोठा फ्यूज टाकून मोकळं व्हायचं."

"छे छे! मोठा टाकला की वायर जळते. मेहुण्याला एकदा टाकू दिला होता, काय झालं ते बघितलंय मी," साखऱ्या बोलून गेला.

दवंडीचं तोंड उघडंच राहिलं. "कंत्राटदाराची गाडी?"

साखऱ्या सीटवर पुढे सरकला. "नाही, म्हणजे... दुसरी एक..." तो खिडकीकडे वळून सारवासारव करत होता, आणि पुढे वहिनीने रबराचं टोपण उचललं.

टॉर्च माझ्या हातात होता. आकडा मला स्वच्छ दिसला: काळा, वाकडा, एक पाय मधल्या बटणावर, दुसरा कडेच्या लोखंडाला. वहिनीलाही दिसला. आमच्या घरात असले आकडे उशीखाली, न्हाणीघरात, मिठाच्या बरणीमागे, सगळीकडे सापडतात. तो कोणाचा हे तिला विचारावं लागलं नाही.

तिने मान वर करून माझ्याकडे पाहिलं. मी हसत होतो. काढ बाहेर, नाचव त्याच्या नाकासमोर, असं मला वाटत होतं. पुढचं माझ्या टाळक्यात शिरायला वेळ लागला. आकडा बाहेर आला असता तर हा बिघाड गाडीचा नव्हे, आमच्या घरचा, हे दवंडीसकट सगळ्यांनी पाहिलं असतं. साखऱ्याला एवढंच हवं होतं.

वहिनीने पेचकस आत घातला. आकडा बाहेर काढला नाही. त्याचा एक पाय हलकेच ढकलून तिने तो बाजूला टेकवून ठेवला, धक्का बसला की परत पडेल असा. टोपण बसवलं. बल्ब विझला. मग तिने डॅशबोर्डच्या मागे हात घालून एका धडधाकट वायरीला सावकाश काळी टेप गुंडाळली.

"रेडिओच्या मागे वायर घासत होती," ती म्हणाली. तिच्या तोंडून मी ऐकलेलं हे पहिलं खोटं. आवाज जराही हलला नाही.

सगळं जोडलं, निळा फ्यूज घातला, किल्ली फिरवली. गाणं लागलं. टॅक्सीवाल्यांनी टाळ्या वाजवल्या.

"बोला आता," वहिनी म्हणाली.

साखऱ्या उतरला, सदरा नीट केला. "त्याचं काय आहे, त्या वेळी जरा गैरसमज..."

वहिनीने वाकून फ्यूज उपटला. गाणं थांबलं. "गैरसमज नाही. नीट बोला."

"अहो बाई, लोकांसमोर..."

"लोकांसमोरच. माझी पिशवी पण लोकांसमोरच ओतली होती."

साखऱ्याने ओठावरून जीभ फिरवली. त्याच्या बोलण्यातली साखर पहिल्यांदाच संपलेली मी पाहिली. "तिसाचा फ्यूज माझ्या मेहुण्याने घातला होता," तो खाली बघत म्हणाला. "मला माहीत होतं. बाईंच्या पिशवीत काही वावगं नव्हतं. त्यांनी कधी कोणाच्या गाडीत बिघाड घातला नाही."

"मोठ्याने."

त्याने मोठ्याने म्हटलं. वहिनीने फ्यूज परत खोचला.

तो गाडीत बसला, काचा वर केल्या आणि निघाला. आमच्या फाटकाबाहेर एक गतिरोधक आहे. गाडीचं पुढचं चाक त्यावर चढलं, धप्पकन उतरलं, आणि गाणं तुटलं. ब्रेकचे लाल दिवे लागले. गाडी थांबली. दवंडी ओरडला, "मालक, या की परत! मागची सीट मोकळीच आहे!" सगळं आवार खिदळलं. लाल दिवे बराच वेळ लागून राहिले. मग विझले आणि गाडी मुकाट्याने निघून गेली. तो परत आला नाही. येणार कुठल्या तोंडाने? संध्याकाळपर्यंत गावात प्रत्येकाला कळलं होतं की साखऱ्या काय बोलला, आणि दुसऱ्या दिवसापासून मोठ्या गॅरेजची गिऱ्हाइकं आमच्या फाटकाशी उभी राहायला लागली.

लोक म्हणतात, सूड घेऊन माणसाला शांती मिळत नाही. साफ खोटं. मला मिळाली. त्या दुपारी मी भात दोनदा घेतला. आई स्टुलावरून उठली, वहिनीपाशी गेली आणि अगदी साळसूदपणे म्हणाली, "सापडलं म्हणायचं तुला."

"सापडलं," वहिनी म्हणाली.

"मग? तू पिशवी उघडून दाखवलीस, काय मिळालं? मी काय केलं ते बघ. खोटं बोलणाऱ्याला असंच सरळ करावं लागतं."

वहिनी बत्तीची वायर गुंडाळत होती. ती इतक्या हळू बोलली की मला पुढे वाकून ऐकावं लागलं. "सासूबाई, एवढी वर्षं त्याने माझं काम घेतलं, नाव घेतलं. माझ्याकडे एकच गोष्ट होती, की तो म्हणतो ते खोटं आहे. आज त्याने सगळ्यांसमोर सांगितलं, मी कधी कोणाच्या गाडीत बिघाड घातला नाही. आणि तो सांगत होता तेव्हाच ते खोटं झालेलं होतं."

आईने काळा चष्मा काढून पदराने पुसायला घेतला.

"मग काढायचा होतास ना बाहेर!" मीच चिडून म्हणालो. माझी शांती कोणी हिसकावून घेतंय असं मला वाटलं.

"काढणारच होते, भाऊजी. हात आत गेला होता." ती हसली, पण ते हसू मला आवडलं नाही. "आणि तो गतिरोधकावर आदळला ना, गाणं तुटलं, तेव्हा मला इतका आनंद झाला, इतका, की अजून एकदा आदळावा असं वाटलं. आता मलाच कळत नाही, की ही आनंद होणारी बाई कोण."

बाहेर एक गाडी येऊन थांबली. नवीन गिऱ्हाईक, मोठ्या गॅरेजकडून आलेलं. त्याने खिडकीतूनच किल्ली वहिनीकडे पुढे केली. "बाई, सगळं ऐकलं आम्ही. तुम्ही करा निवांत, मी येतो जाऊन. तुमच्यावर पूर्ण विश्वास आहे."

वहिनी त्या किल्लीकडे बघत उभी राहिली. हात पुढे करायला तिला फार वेळ लागला.